सोडलेली वेतनवाढ

मी त्या कोर्टात रुजू झाले तेव्हा उन्हाळा होता. कलबुर्गी जिल्ह्यातलं तालुक्याचं कोर्ट, हॉल दोनच. मोठ्या हॉलमध्ये साहेब बसायचे, सीनियर सिव्हिल जज म्हणून. धाकटा हॉल माझा, ज्युनियर जजचा. पहिल्या दिवशी त्यांना भेटायला म्हणून मोठ्या हॉलच्या दारात गेले तर आत सगळे घामानं निथळत होते. साहेब रुमालानं मान पुसत साक्ष लिहून घेत होते, त्यांची स्टेनो पदर खोचून टाइप करत होती, वकील काळ्या कोटांत शिजत होते. मला वाटलं, वीज गेली असेल. माझ्या हॉलमध्ये आले तर डोक्यावर पंखा गरगर फिरत होता.

शिरस्तेदारांना, म्हणजे आमच्या कोर्टाच्या मुख्य कारकुनांना, मी विचारलं. ते आवाज खाली आणून म्हणाले, "मॅडम, पक्षकार बसतेत तिकडला पंखा बिगडलाय. दुरुस्तीला लिवलाव, कुनी येना गेलंय. मग साहेब म्हनले, त्यांना न्हाई तर मला पन नको. अन् आपला बी पंखा बंद करून टाकले."

"पण त्यानं पक्षकारांना काय फायदा?"

"त्ये त्यांनाच इचारा," शिरस्तेदार म्हणाले आणि फायलींत डोकं घातलं.

पंखा दुरुस्त झाला, पण तो का झाला तेही सांगण्यासारखं आहे. तपासणीला जिल्ह्याहून वरिष्ठ न्यायाधीश आले होते. साहेबांनी त्यांना मानानं आपल्या शेजारी डायसवर बसवलं आणि पंखा बंदच ठेवला. अर्ध्या तासात ते वरिष्ठ उठले आणि चेंबरमधून कुणाला तरी फोन केला. दुसऱ्या दिवशी मिस्त्री हजर. आपण त्यात काही चतुराई केली असं साहेबांना वाटलंच नाही. ते म्हणाले, "त्यांना कसं सोडावं मी? ते बी मानूसच की."

त्यांची स्टेनो मात्र त्या उन्हाळ्याबद्दल त्यांच्यावर कायम नाराज राहिली. "साहेबांचा हट्ट साहेबांनी करावा," ती मला म्हणायची, "घाम आमचा कामून?" तिचा हा प्रश्न मला तेव्हा नुसता तक्रारीचा वाटला. पुढं तो माझ्याच वाट्याला आला.

दिसायला ते बुटके, रुंद खांद्यांचे. मिशी पांढरी आणि भुवया काळ्या. हुमनाबादजवळच्या दुबलगुंडीचे. घर धनगरांचं, वडलांनी हयातभर मेंढरं राखलेली, मग भावांनी थोडी जमीन घेतली आणि शेती धरली. सरकारी खुर्चीच्या रेक्झिनवर वडलांचं घोंगडं घालून त्यावर बसायचे. काळं, टोचरं घोंगडं. बदली झाली की सामानात आधी ते जायचं. नवीन वकिलांना पहिल्यांदा हसू यायचं, मग सवय व्हायची. निकाल ते इंग्रजीत सांगायचे, वकिलांशी कन्नडमध्ये बोलायचे, तडजोड करायची असली की दखनी उर्दूत शिरायचे आणि राग आला की मराठीत. त्यामुळं त्यांच्या तोंडून मराठी आली की मराठी गावांकडचे पक्षकारसुद्धा सावध व्हायचे.

एकदा एका म्हाताऱ्या साक्षीदाराला त्यांनी पिंजऱ्यात खुर्ची दिली. त्याचे गुडघे थरथरत होते. समोरच्या बाजूच्या वकिलांनी सहज म्हटलं, आमचे अशील सकाळपासून उभे आहेत. "मग त्यांना बी आना," साहेब म्हणाले. मग पहिल्या अशिलाच्या भावाला, मग त्याच्या बायकोला. खुर्च्या बाररूममधून आणल्या, झेरॉक्सवाल्याकडून आणल्या. मी कसल्याशा सहीसाठी आत गेले तर हॉल लग्नाच्या मांडवासारखा दिसत होता. सगळे बसलेले, आणि शिपायाला खुर्ची उरली नाही म्हणून त्याला आपली देऊन साहेब एकटे डायसवर उभे.

चहाचंही तेच. चेंबरमध्ये चहा आला की तो बाहेरच्या शिपायाला, समन्स वाटणाऱ्या बेलीफला, स्टेनोला मिळालाय का ते आधी विचारायचे. कमी पडला की आपला कप परत. हॉटेलवाला इतका कंटाळला की त्यानं कपांचा आकारच लहान केला.

मला हे सगळं तेव्हा गमतीचं वाटायचं. कोर्टाचं काम माणसाला आतून वाळवतं. त्याच जमिनी, तेच भाऊ, तीच खोटी साक्ष, तारखांवर तारखा. संध्याकाळी चेंबरमध्ये त्यांच्यासमोर बसून त्या छोट्या कपातला चहा घेतला की जरा बरं वाटायचं. मी औरादची, शेतकऱ्याच्या घरची. घरात मराठी, शाळेत कन्नड, बाजारात तेलुगू. ते माझ्याशी गावाकडच्या बोलीतच बोलायचे. नवरा लातूरला नोकरीला होता, लेक लहान, आई माझ्याकडं येऊन राहिलेली. "लेकरू जेवलं का?" हा त्यांचा पहिला प्रश्न असायचा, खटल्यांचं नंतर.

अशाच एका संध्याकाळी मी त्यांना वेतनवाढीचं सांगितलं. मनात काही धरून नाही, बोलता बोलता.

झालं होतं असं. ज्या न्यायाधीशांनी कायद्याची वरची पदवी, एलएल.एम., घेतली आहे त्यांना जादा वेतनवाढी द्यायच्या, असा नियम होता. मी माझ्या पहिल्या पोस्टिंगवर असताना पत्रद्वारा एलएल.एम. केलं होतं. कोर्ट सुटलं की घर, स्वयंपाक, आणि मग पुस्तक. शेवटच्या परीक्षेच्या वेळी लेक पोटात होती. कलबुर्गीच्या परीक्षा केंद्रात बाक आणि टेबल यांच्यात माझं पोट मावेना, म्हणून मी तिरकी बसून पेपर लिहिले. त्यात वर्गावर देखरेखीला आलेला पोरगा माझ्याच कोर्टात येणारा ज्युनियर वकील निघाला. तो माझ्यापाशी आला की सरळ उभा राहायचा, पुरवणी द्यायची तर दोन्ही हातांनी द्यायचा आणि मागं पावलं टाकत निघून जायचा. बाकीच्या पोरांना वाटलं मी विद्यापीठाकडून तपासायला आलेली कुणी बाई आहे. ती बिचारी तीन तास मान वर न करता लिहीत राहिली.

पास झाले, अर्ज केला. वरून उत्तर आलं की पदवी नोकरीत आल्यानंतर घेतलेली आहे आणि तीही पत्रद्वारा, त्यामुळं ती या लाभात बसत नाही. ज्यांनी आधी कॉलेजात जाऊन केलं त्यांनाच मिळेल.

साहेबांनी कप खाली ठेवला. "मंजे मला मिळायलंय अन् तुमाला न्हाई?"

"तुमचं रेग्युलर हाय, साहेब."

"रेग्युलर!" असं म्हणून ते हसायला लागले. खोकला येईपर्यंत हसले. मग डोळे पुसून म्हणाले, "मी कामून एलएल.एम. केलो ठाव हाय का? वकिली चालंना गेलती. धनगराच्या पोराकडं कोन केस दील? दिसभर झाडाखाली बसून गावाकडं परत जायाचं. घरात भाऊ बोलायचे. मग एका दोस्तानं सांगितलं, एलएल.एम.ला नाव घाल, हॉस्टेल मिळतंय, दोन टाइम जेवाय मिळतंय. घातलो. लायब्ररीत पंखा व्हता, पुस्तक उशाला घेऊन झोपायचो. प्रबंध कशावर लिवलो ते बी आता आठवना गेलंय. अन् त्याचे मला जादा पैशे! तुमी पोट घेऊन पेपर लिवलाव, दिसा कोर्ट चालवलाव, त्याचं काय न्हाई?"

"नियम हाय, साहेब. मी पुन्यांदा लिवले वर. बगू."

"बगू काय त्यात," ते म्हणाले. मग कप बाजूला सारून उठले. मीही उठले, आई घरी वाट बघत होती.

आठवड्याभरानं शिरस्तेदार माझ्या चेंबरमध्ये आले. चेहरा पडलेला. "मॅडम, साहेबांना जरा समजावा. एलएल.एम.ची वेतनवाढ माझ्या पगारातनं काढून टाका मनून वर लिवायलेत. मी म्हनलो, साहेब, द्या म्हनायचा अर्ज असतोय, नको म्हनायचा नसतोय. तर म्हनले, मग साध्या कागदावर लिव."

मी गेले, समजावलं. ते ऐकून घेत होते, मान हलवत होते, आणि कागद तोवर टपालात गेला होता. वरच्या कार्यालयातून विचारणा आली, कारण काय? साहेबांनी एका ओळीत कळवलं: माझ्या शेजारच्या हॉलमध्ये तेच काम करणाऱ्या, तीच पदवी असणाऱ्या न्यायाधीशांना जे मिळत नाही ते मला नको. वर बहुतेक कुणाला याचं काय करावं ते कळलं नसणार. कागद बरेच दिवस फिरला आणि शेवटी मंजूर झाला. म्हणजे साहेबांचं कमी झालं. माझं वाढलं नाही ते नाहीच.

आणि मग गावभर झालं.

तालुक्याचं गाव ते. एक पुरुष न्यायाधीश एका बाई न्यायाधीशासाठी आपला पगार सोडतो, एवढंच लोकांच्या हाती लागलं. बाकीचं त्यांनी आपापलं जोडलं. बाररूममधलं हसणं मी दारावरून गेले की थांबायचं. भाजीवाली मला विचारायची, "मालक लातूरलाच असतेत का अजून?" आईच्या कानावर काय गेलं माहीत नाही, पण एका संध्याकाळी ती म्हणाली, "त्या साहेबाकडं चहाला जायाचं बंद कर." माझ्या आईनं मला तोवर कधी कुठं जाऊ नको म्हटलं नव्हतं. औरादहून मी एकटी शिकायला गेले तेव्हासुद्धा नाही.

त्या दिवशी मी साहेबांच्या चेंबरमध्ये गेले आणि दार उघडं ठेवून, उभ्यानंच बोलले. "साहेब, मी तुमाला म्हनले होते का, आसं करा म्हनून?"

"न्हाई की."

"मग कामून केलाव?"

"तुमच्यासाठी कुठं केलोय? माझ्यासाठी केलोय. पगार आला की वंगाळ वाटायचं मला."

"तुमाला वंगाळ वाटलं, तुमी सोडलाव, तुमाला बरं वाटायलंय. अन् लोक बोलायलेत ते मला. घरात आई बोलायली. नवऱ्याला अजून कुनी सांगितलं न्हाई, ते बी सांगतील."

त्यांना खरंच कळेना. लोक काय बोलतायत हे मलाच त्यांना सांगावं लागलं, आणि ते सांगताना मला जे वाटलं ते अजून विसरता येत नाही. त्यांचा चेहरा हळूहळू उतरला. खुर्चीवरचं घोंगडं त्यांनी दोनदा सारखं केलं. "ह्ये माझ्या डोस्क्यातच आलं न्हाई," एवढंच म्हणाले.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ते उठले आणि थेट बाररूममध्ये गेले. न्यायाधीश असा वकिलांच्या खोलीत जात नाही. डबे उघडलेले, हातात भाकरी, सगळे ताडकन उठले. मला हे नंतर स्टेनोनं सांगितलं. साहेब मधोमध उभे राहिले आणि म्हणाले, "मॅडम मला म्हनले व्हते, आसं करू नका. मी ऐकलो न्हाई. चूक असंल तर माझी हाय. कुनाला बोलायचं असंल त्यानं मला बोलावं, मी हितंच उभा हाव."

एक म्हातारे वकील म्हणाले, "साहेब, बसा, भाकर खावा." साहेब बसले आणि त्यांच्या डब्यातली शेंगाची चटणी खाऊन आले. पुढं बोलणं कमी झालं. पण त्यांच्या त्या भाषणामुळं ज्यांना काही माहीत नव्हतं त्यांनाही सगळं कळलं, हेही खरं.

त्यांच्या पत्नीला आम्ही सगळे अक्का म्हणायचो. माहेर चिटगुप्प्याचं, उंच, साहेबांपेक्षा बोटभर जास्तच. त्या एका रविवारी माझ्या क्वार्टरवर आल्या. हातात दह्याचं भांडं. आईनं त्यांना बघितलं आणि स्वयंपाकघरात निघून गेली. अक्का खाली सतरंजीवर बसल्या, लेकीला जवळ घेतलं, तिच्या केसांतली गाठ सोडवत म्हणाल्या, "मी तुमच्याशी भांडाय आलेय."

मी म्हटलं, "भांडा, अक्का."

"काय भांडू? रस्त्यानं येताना समदं ठरवून आलते. आता तुमाला बगून वाटायलंय, तुमी बी माझ्यासारख्याच अडकलाव." त्या थोड्या हसल्या. "लगीन झाल्यापासून बगायलेय मी. ह्यांनी नको म्हनलं की घरात कुनाला पायजे म्हनाय येत न्हाई. गावाकडं घराला वरचा मजला काढलाय, सळया तशाच उभ्या हायत आभाळाकडं. माझी बहीन म्हनती, जजाची बायको अन् तुझ्या घराला छत न्हाई. ह्यांना सांगितलं तर म्हनतेत, गल्लीत किती जनाच्या घराला हाय? मला गल्लीचं काय करायचंय हो? मला माझ्या घराला छत पायजे."

"तुमी त्यांना सांगा, अक्का. मी तर सांगून थकले."

"त्ये लबाड असते तर सांगितले असते," त्या म्हणाल्या. "लबाड मानसाला बोलता येतंय. ह्यांना काय बोलायचं?"

आईनं आतून चहा आणला. तीन कप होते. ती स्वतःही येऊन बसली. दोघी मग चिटगुप्प्याच्या बाजारावर, तिथल्या तुरीच्या भावावर बोलत राहिल्या, आणि त्या दिवसानंतर आईनं मला साहेबांबद्दल काही म्हटलं नाही.

वर्षा-दोन वर्षांत बदल्या झाल्या. ते एका बाजूला, मी दुसऱ्या. मधून मधून फोन यायचा. "लेकरू काय शिकायलंय?" एवढं विचारून झालं की त्यांचं बोलणं संपायचं. पुढं ते निवृत्त झाले आणि दुबलगुंडीला जाऊन राहिले. मी माझ्या वेतनवाढीसाठी वर लिहीत राहिले, उत्तरं येत राहिली. नंतर लिहिणंही सुटलं. कामाचा डोंगर होता, लेक मोठी होत होती, आई गेली. काही गोष्टी माणूस सोडतो असं नाही, पण हातातून गळतात.

आणि मग एकदम आदेश आला. कुठल्या तरी लांबच्या जिल्ह्यातल्या न्यायाधीशांनी दाद मागितली होती म्हणे. पदवी नोकरीच्या आधीची असो की नंतरची, कॉलेजात जाऊन घेतलेली असो की पत्रद्वारा, लाभ सगळ्यांना सारखाच. मागची थकबाकी धरून. माझं सगळं मिळालं. आनंद व्हायला हवा होता. झालाही, पण त्याला फार उशीर झाला होता, थंड झालेल्या जेवणासारखा. आणि पाठोपाठ साहेब आठवले. त्यांनी सोडून दिलेल्या गोष्टीचा या आदेशाशी तिळाएवढाही संबंध नव्हता. आदेश काढताना त्यांचं ते कुणी वाचलंही नव्हतं. त्यांची पेन्शन मात्र कमी झालेल्या पगारावर बसली होती.

मी फोन केला. "साहेब, आता सगळ्यांना सारखंच झालं. तुमचं बी परत मागा."

"सोडलेलं कामून मागायचं?" ते म्हणाले. "तुमाला मिळालं न्हवं? बास की."

म्हणून सुट्टी काढून मी दुबलगुंडीला गेले. अर्ज टाइप करून नेला होता, फक्त सही हवी होती. घर लांबूनच ओळखलं. वरच्या सळया गंजून लाल झाल्या होत्या, त्यांच्यावर दोरी बांधून धुणं वाळत घातलं होतं. साहेब ओसरीवर भुईमुगाच्या शेंगा फोडत बसले होते, मिशी आता कापसासारखी. मला बघून इतके खूश झाले की अर्जाचं काढायला मलाच लाज वाटली. काढल्यावर ते नुसते शेंगा फोडत राहिले.

"साहेब, सही करा."

"नको हो."

"कामून नको?"

"जमतंय आमचं. पेन्शन पुरतीय. गावात कितीक जनाला पेन्शनच न्हाई."

मी अर्ज मांडीवर ठेवला. खूप दमल्यासारखं वाटलं. इतक्या वर्षांनी, इतक्या लांब येऊन, पुन्हा त्याच जागी. अक्का दारात उभ्या होत्या, हाताला पीठ. त्या बाहेर आल्या आणि त्यांच्यासमोर खाली बसल्या.

"मला एक सांगा," त्या म्हणाल्या. "ह्या मॅडमनी बी एलएल.एम. केलेत, तुमी बी केलाव?"

"व्हय."

"काम बी दोघांचं सारखंच व्हतं?"

"व्हय की."

"मग त्यांना मिळालं अन् तुमाला न्हाई. ह्ये बराबर हाय का?"

साहेबांचा हात शेंगेवर थांबला. त्यांनी अक्कांकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. मी त्यांना कोर्टात पुष्कळ युक्तिवाद ऐकताना पाहिलं आहे. चांगला मुद्दा आला की ते असेच भुवया वर करून थांबायचे.

"तवा तिकडून चूक व्हतं," अक्का म्हणाल्या, "आता हिकडून हाय. चूक ते चूक."

"पेन आना," साहेब म्हणाले.

सही झाली तरी काम झालं नाही. वरच्या कार्यालयातून पत्र आलं की पदवीचं मूळ प्रमाणपत्र जोडा. ते सापडेना. एवढ्या बदल्यांत कुठल्या तरी क्वार्टरच्या फडताळात राहिलं असणार. म्हणजे विद्यापीठात जाऊन दुसरी प्रत काढणं आलं. पुढं ती मिळाली, अर्ज मंजूर झाला, पेन्शन थोडी वाढून आली. मागचं काही मिळालं नाही, कारण ते त्यांनी आपल्या हातानं लिहून सोडलं होतं. आम्ही त्यावर भांडलो नाही. मला मात्र त्या सगळ्यातला विद्यापीठातला दिवस आठवतो. मी माझ्या गाडीतून दोघांना घेऊन गेले होते.

खिडकीसमोर पोरांची लांब रांग होती. मी म्हटलं, "साहेब, मी आत जाऊन अधिकाऱ्यांना भेटते. ओळख सांगितली की दहा मिनिटांत होईल."

"न्हाई. लायनीत उभारायचं."

ते रांगेत उभे राहिले, पिशवी छातीशी धरून. मी त्यांच्यामागं. अक्का समोरच्या लिंबाच्या झाडाखाली बसल्या. थोड्या वेळानं एक पोरगी आली, बस चुकेल म्हणाली. साहेबांनी तिला पुढं घेतलं. मग एकाची मुलाखत होती, त्याला घेतलं. एकाच्या पायाला पट्टी होती, त्याला घेतलं. पोरांना कळलं की हे आजोबा पुढं सोडतात. आम्ही तासाभरात पुढं सरकण्याऐवजी मागं गेलो होतो. मी घड्याळ बघायचं सोडून दिलं. वरून ऊन, खाली फरशी तापलेली. साहेब मजेत होते. प्रत्येकाला विचारत होते, "जेवलास का? कुन्या गावचा?"

खिडकीतला कारकून डबा काढायला लागला तसं अक्कांनी झाडाखालून बघितलं. त्या उठल्या, लुगडं झटकलं, आमच्याजवळ आल्या आणि एक शब्द न बोलता साहेबांच्या हातातली पिशवी काढून घेतली. सरळ खिडकीशी गेल्या. रांगेतली पोरं ओरडली. त्यांनी मागं वळून बघितलं नाही.

"अव्वा, लायनीनं या," कारकून म्हणाला.

"सकाळपासून लायनीतच हाव. त्ये बगा, त्ये माझे मालक हायत. त्यांनी समद्यांना पुढं सोडलेत. आता एवढं माझं घ्या."

कारकुनानं वाकून साहेबांकडं बघितलं. साहेब खजील होऊन उभे होते. अक्कांनी अर्ज आत सरकवला. त्यानं तो वाचला, पुन्हा वर बघितलं.

"एलएल.एम. तुमी केलाव का?"

"केलेत त्यांनी," अक्का म्हणाल्या. "पायजे मला हाय."

मागं कुणीतरी हसलं. कारकूनही हसला आणि डबा बाजूला ठेवून त्यानं शिक्का उचलला. पावती हातात आल्यावर अक्कांनी ती नीट घडी करून कमरेच्या पिशवीत घातली, पिशवीची दोरी आवळली आणि आमच्याकडं आल्या. साहेब काहीतरी बोलणार होते. बहुतेक त्या पोरांची माफी मागावी असं. अक्कांनी त्यांचा हात धरला.

"चला," त्या म्हणाल्या, "भूक लागलीय मला."